द्युरासबाईंचा सिनेमा लावताना

फ्रेंच लेखिका आणि दिग्दर्शिका मार्गरित द्युरास वाचायला परवडतात. कादंबरीने वैताग आणला तर ती मिटून उशाशी ठेवता येते. सिनेमाला मात्र आपणच हौसेने चार जणांना बोलावलेलं असतं; आता उठायचं कोणत्या तोंडाने?

पहिला घोळ क्रमाचा. सुरुवात ‘हिरोशिमा मोन आमूर’ने (1959) करावी. पटकथा बाईंची असली तरी दिग्दर्शक आलाँ रेने आहे, त्यामुळे पात्रं निदान तोंड उघडून बोलतात. थेट ‘इंडिया साँग’ (1975) लावलात की संपलंच. नावाला भुलून मंडळी हावड्याचा पूल शोधू लागतात. गोष्ट 1937 च्या कलकत्त्यातली खरी, पण बाहेरून दिसणारी वकिलातीची इमारत म्हणजे पॅरिसला खेटून असलेल्या बुलोन्यमधला रॉथशिल्डचा पडका वाडा. भारत काय तो कानावर येतो, आणि त्यातही भिकारीण गाते ती लाओसची!

दुसरा घोळ आवाजाचा. नायिका देल्फीन सेरिग समोर उभी, बोलणं ऐकू येतंय, ओठ मात्र मिटलेले. लगेच कोणीतरी रिमोट उचलून ‘ऑडिओ मागे पडलाय’ म्हणतं. रिमोट काढून घ्यावा. संवाद वेगळे ध्वनिमुद्रित केलेत, पात्रांनी गप्प राहायचं हेच ठरलेलं आहे. त्यात भिंतीवर भलामोठा आरसा. माणूस खोलीत आला की आरशात, हे ठरेपर्यंत तो निघूनही जातो. माझं ऐकाल तर सबटायटलं वाचा. आरसा कुठे पळून जात नाही. लाहोरचा माजी उपवाणिज्यदूत ओरडायला लागला की मात्र आवाज कमी करा. तो लवकर थांबत नाही आणि शेजाऱ्यांना फ्रेंच येत नाही.

एवढं सोसल्यावर कार्लोस दालेस्सिओची ती संथ धून डोक्यात जी बसते, ती चार दिवस हलत नाही. मला हा सिनेमा आवडतो, काय करणार!

पुढच्याच वर्षी बाईंनी हाच अख्खा ध्वनिपट दुसऱ्या एका सिनेमात, त्याच वाड्याच्या ओसाड दृश्यांवर पुन्हा वापरला. काटकसर अशी की कोकणातल्या आजीने पाठ थोपटावी. 1977 च्या ‘ल कामियाँ’त तर बाई आणि नट जेरार देपार्दिय टेबलाशी बसून न काढलेल्या सिनेमाची संहिता वाचतात, अधूनमधून ट्रक जातो. ट्रक आला की चहा फिरवून घ्यावा.

‘लॉम आतलांतिक’ (1981) पाऊण तासाच्या आतच संपतो, पण बराच वेळ पडदा काळा असतो. एचडीएमआयची वायर काढून-घालून बघू नये. बाईंचा आवाज येतोय ना? मग सिनेमा चालू आहे.