इरिनी पापासचा चेहरा खरंच एकसुरी होता का?

नमस्कार. तुमचं म्हणणं असं की, ग्रीक अभिनेत्री इरिनी पापास दगडी चेहरा आणि काळा वेश यांवरच निभावून गेली, हॉलिवुडनं तिला दुय्यम भूमिकांपलीकडे काही दिलं नाही, आणि तरीही मी तिला थोर म्हणतेय ती निव्वळ भक्ती आहे.

हॉलिवुडचं मान्य. 'गन्स ऑफ नॅव्हरोन'मध्ये तिच्या वाट्याला फार काही नाही. ऑस्करचं साधं नामांकनही तिला कधी मिळालं नाही. पण तिची कारकीर्द त्या गजानं मोजायची कशाला? तिचं खरं काम मिखालिस काकोयानिस या दिग्दर्शकाबरोबर झालं, आणि तेही प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या नाटकांवर.

१९६२च्या 'इलेक्ट्रा'त ती बापाच्या खुनाचा सूड म्हणून आईच्या, क्लायटेमनेस्ट्राच्या जिवावर उठलेली मुलगी आहे. १९७१च्या 'द ट्रोजन विमेन'मध्ये ती हेलन, म्हणजे जिच्यापायी ट्रॉयचं युद्ध पेटलं ती, त्याच क्लायटेमनेस्ट्राची बहीण. आणि १९७७च्या 'इफिजेनिया'त ती स्वतः क्लायटेमनेस्ट्रा, जिच्या लेकीचा, इफिजेनियाचा, नवराच बळी देतो! जिला मारायला निघाली होती, तिचीच बाजू पंधरा वर्षांनी तिनं मांडली. एकाच घरातल्या तीन बायका. चेहरा एकसुरी असता तर हे पेललं असतं?

हेलनचा प्रवेश आठवून बघा. आधी फळ्यांच्या फटीतून फक्त तिचे डोळे दिसतात, इकडून तिकडे फिरणारे. बाहेर ट्रॉयच्या बायका पाण्यावाचून तळमळताहेत आणि ही आत पाणी घेऊन अंग धुतेय. त्या बायका चवताळून उठतात, आणि आपणही. तरी नजर तिच्यावरून हटत नाही. हा सिनेमा स्पेनमध्ये चित्रित झाला, कारण ग्रीसमध्ये लष्करशहांची राजवट होती. १९६७मध्ये त्यांनी सत्ता बळकावली, तेव्हा पापासनं त्यांच्यावर सांस्कृतिक बहिष्काराची हाक दिली आणि परागंदा होणं पत्करलं. ऐन उमेदीत मायदेश सुटला, ही किंमत तुमच्या हिशेबात कुठेच दिसली नाही, आणि त्याचं मला वाईट वाटलं.

'झोर्बा द ग्रीक'मधली विधवा जवळजवळ बोलतच नाही, हे तुम्ही उणं म्हणून लिहिलंत. अहो, अख्खं गाव जिच्यावर टपलंय ती बोलणार कुणाशी? दगड पडायला लागतात तेव्हा तिच्या अंगावर येणारी भीती बघा, तिथे संवाद असता तर अडचणच झाली असती. 'झी' या सिनेमातही तेच. तिथे ती खून झालेल्या नेत्याची विधवा आहे. खुनामागच्या अधिकाऱ्यांवर आरोप ठेवल्याची बातमी तिला आनंदानं सांगितली जाते आणि तिचा चेहरा जराही उजळत नाही. यातून काही निष्पन्न होणार नाही, हे तिला आधीच कळलेलं असतं.

तिनं पोटापाण्यासाठी बरेच सुमार सिनेमे केले, त्यांची वकिली मी करणार नाही. तुम्ही एवढंच करा: 'इफिजेनिया' आधी बघा आणि 'इलेक्ट्रा' नंतर. कथेचा क्रम तोच आहे. लेकीचा बळी गेलेली आई आधी पाहिलीत, की त्याच पापासला पुढे इलेक्ट्रा होऊन आईचा द्वेष करताना बघणं किती अवघड जातं, ते मला नक्की कळवा.