अॅलन रिकमन आणि ‘बेचाळिसाव्या वर्षीचा पहिला अभिनय’

‘ब्रिटिश अभिनेते अॅलन रिकमन यांनी ४२व्या वर्षी पहिल्यांदा अभिनय केला, तोही थेट ‘डाय हार्ड’मध्ये,’ असा मजकूर पुन्हा फिरतोय. हे अर्धंच खरं आहे. १९८८चा तो त्यांचा पहिला चित्रपट होता. पहिला अभिनय मुळीच नव्हे. ग्राफिक डिझाइनचं काम सोडून ते १९७२ मध्ये, २६व्या वर्षी, लंडनच्या ‘राडा’ या नाट्यशाळेत दाखल झाले. पुढे रॉयल शेक्सपिअर कंपनी ही नाटकमंडळी. १९८२ मध्ये बीबीसीच्या ‘द बार्चेस्टर क्रॉनिकल्स’ मालिकेतला लाळघोटा पाद्री स्लोप (मिळाली तर बघाच!). १९८५ पासून रंगमंचावर ‘ले लिएझाँ दांजरज’ नाटकातला व्हालमाँ. हीच भूमिका न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर गेली आणि टोनी या नाट्यपुरस्काराचं नामांकन मिळालं. ‘डाय हार्ड’मधला खलनायक हान्स ग्रूबर आला तो या सगळ्यानंतर.