साक्षी जुळल्या नाहीत म्हणजे कोणीतरी खोटं बोलतंय?

व्हॉट्सॲपवर एक मजकूर फिरतोय: ‘दोघांच्या साक्षीत फरक पडला, तर एक जण नक्की खोटारडा. जिवावर बेतलेला प्रसंग माणूस विसरत नाही. आणि खरं बोलणारा ठाम असतो.’ तिन्ही वाक्यं ऐकायला झकास, आणि तिन्ही चुकीची.

आधी खोटारडेपणाचं बघू. १५ एप्रिल १९१२च्या पहाटे टायटॅनिक बुडालं. सेकंड ऑफिसर लाइटोलर यांनी चौकशीत शपथेवर सांगितलं की जहाज अखंड बुडालं. सतरा वर्षांचा जॅक थेअर म्हणत होता, दोन तुकडे झाले. दोघंही वाचले ते एकाच उलटलेल्या होडीच्या पाठीवर! अधिकारी कंपनीची बाजू सांभाळत असणार, असं कोणी म्हणेल. पण त्याच होडीवर आर्चिबाल्ड ग्रेसी हे साधे प्रवासीही होते आणि त्यांचंही मत ‘अखंड’ असंच. ग्रेसी जहाजाबरोबर पाण्याखाली ओढले गेले होते. वर आले तेव्हा बघायला जहाजच उरलं नव्हतं. त्यात रात्र बिनचंद्राची, दिवे गेलेले. ब्रिटिश चौकशीनेही ‘अखंड’ हेच ग्राह्य धरलं. १९८५ साली सांगाडा सापडला तो दोन तुकड्यांत, एकमेकांपासून सुमारे ६०० मीटरवर. थेअरचं खरं निघालं. म्हणून ग्रेसींना खोटारडे म्हणायचं?

‘विसरत नाही’चं उत्तर अमेरिकेतल्या एमरी विद्यापीठात मिळतं. २८ जानेवारी १९८६ला चॅलेंजर हे अमेरिकेचं अंतराळयान फुटलं. बातमी कुठे, कोणाकडून कळली, हे दुसऱ्याच दिवशी विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं. अडीचेक वर्षांनी त्यांतल्या ४४ जणांना पुन्हा तेच विचारलं, तर ११ जणांचा एकही मुख्य तपशील जुळेना. स्वतःच्या हस्ताक्षरातला कागद पुढे ठेवला, तरी मूळ आठवण काही परत येईना. (जिवावर बेतलेला नव्हे, नुसता धक्कादायक प्रसंग होता, हे मान्य. पण आठवण पक्की वाटते म्हणून ती खरी असतेच असं नाही, एवढं यातून दिसतंच.)

ठामपणाचा निकालही तिथेच लागला. चुकलेले विद्यार्थी चाचरत नव्हते, बिनचूक सांगणाऱ्यांइतकेच छातीठोक होते.

‘कोर्टात असलं चालत नाही’ अशी पुस्ती कोणी जोडेल. चालतं. साक्षीदाराच्या डोक्यात व्हिडिओ टेप नसते, हे आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८३ सालीच भरवाडा प्रकरणात म्हटलंय. किरकोळ विसंगतीने साक्ष पडत नाही, गाभ्यातली असेल तर पडू शकते. उलट चार जबाब शब्दाला शब्द जुळले, की वकील उलटतपासणीत हटकून विचारतो: कोणी पढवलं?