‘मुलाला बोलवा, मग बघू’

आज सांगलीत, विश्रामबागेत एका कार्यालयात डोहाळजेवण होतं. नात्यातलंच. ओटी भरायला एकेक बाई उठत होती. मावशीची पाळी आली आणि ताट सरळ तिच्या पलीकडच्या बाईकडे गेलं. कुणी हूं की चूं केलं नाही. मावशीनं रुमालानं मान पुसली आणि शेजारणीशी उन्हाळ्याच्या गप्पा सुरू केल्या. मला मात्र जेवण गेलं नाही. अजून डोकं तापलेलं आहे, म्हणून लिहितेय.

मावशी एकसष्ट वर्षांची आहे. दोन वर्षांपूर्वी तिचा घटस्फोट झाला. हिंदू विवाह कायद्याचं कलम १३ ब, परस्पर संमतीनं. का झाला ते इथं लिहिणार नाही, ते तिचं आहे. पण या वयात कशाला, असं ज्यांनी ज्यांनी विचारलं त्यांना माझा एकच प्रश्न आहे: मग कोणत्या वयात? तिशीत विचारलं असतं तर ‘पोरं लहान आहेत’ म्हणाला असतात.

घर सोडताना तिनं शिलाई मशीन तेवढी उचलली. मग खोली शोधायला आम्ही दोघी हिंडलो. शंभर फुटी रोडला एक खोली आवडली, उजेड भरपूर, मशीनला जागा. घरमालकांनी विचारलं, “मिस्टर?” ती म्हणाली, “नाहीत.” “वारले?” “नाही, घटस्फोट झालाय.” ते एवढा वेळ तिच्याशी बोलत होते, तिथून पुढं माझ्याशी बोलायला लागले. “असं करा, यांच्या मुलाला बोलवा, मग बघू.” अहो, जिला राहायचंय ती समोर उभी आहे की!

ज्यांनी नेटफ्लिक्सवरची ‘ग्रेस अँड फ्रँकी’ ही इंग्रजी मालिका बघितलीय त्यांना आता काय म्हणायचंय ते कळेल. २०१५ ते २०२२, ९४ भाग. चाळीस वर्षांच्या संसारानंतर दोघींचे नवरे एका हॉटेलात जेवताना सांगतात, आमचं एकमेकांवर प्रेम आहे, आम्ही लग्न करतोय. दोघींचं एकमेकींशी अजिबात पटत नाही आणि राहायला मिळतं ते समुद्रकाठचं एकच घर. मालिका सुरू झाली तेव्हा ग्रेस झालेली जेन फोंडा ७७ वर्षांची होती, फ्रँकी झालेली लिली टॉमलिन ७५. पहिल्याच सीझनमध्ये दोघी दुकानात सिगारेट घ्यायला जातात आणि काउंटरवरचा पोरगा त्यांच्याकडे बघतच नाही. एक तरुण मुलगी येते, तिच्याकडे मात्र लगेच धावतो. ग्रेस काउंटरवर हात आपटून ओरडते. फ्रँकी गुपचूप पाकीट घेऊन बाहेर येते, म्हणते की आपण कुणाला दिसत नाही ही आपली ताकद आहे. मी हसता हसता रडले होते. कारण शंभर फुटी रोडवरचा तो घरमालक डोळ्यापुढं आला.

पुढं त्या धंदा काढायचं ठरवतात आणि बँक वयाकडे बोट दाखवून कर्ज नाकारते. धंदा कसला, तर सांधे दुखणाऱ्या हातांना पेलतील असे, म्हाताऱ्या बायकांसाठी व्हायब्रेटर. इथं आमच्या नात्यातल्या एकीनं टीव्ही बंद केला होता. ‘असली थेरं’ म्हणे. साठीनंतर बाईला शरीर उरतं ते फक्त गुडघे दुखण्यापुरतं, असं आहे का? मावशी शांतपणे म्हणाली, लाव गं परत.

मान्य, ग्रेस आणि फ्रँकीकडे पैसा आहे, घर आहे. शेवटी शेवटी गोष्ट ताणलीय, तेही मान्य. आणि घरमालकालाही काळजी असेल, असू दे. पण ती काळजी करायची तर तिला विचारा ना, भाडं कसं देणार म्हणून. ती सांगेल: फॉल-पिकोचे एवढे, ब्लाऊजचे एवढे. गावभागातली जुनी गिऱ्हाइकं अजून रिक्षा करून तिच्याकडे येतात. याच मशीनवर तिनं सासरच्या घराचे हप्ते फेडले. त्या घराच्या कागदावर तिचं नाव नाही.

शेवटी तिचा मुलगा पुण्याहून आला, पाच मिनिटं बसला, सही केली, खोली मिळाली. त्यानं फार मनानं केलं, त्याच्यावर राग नाही. पण गाडी निघाल्यावर मावशी म्हणाली, “ह्याचा पहिला चड्डी-शर्ट मी शिवलाय, आणि आता हा माझा जामीन.” म्हणाली आणि हसली. मला नाही हसू आलं.

आता ती रमलीय तिथं. दुपारी वरच्या मजल्यावरच्या दोन मुली शिवण शिकायला येतात. रात्री उशिरापर्यंत रेडिओ लावते, पूर्वी घरात चालायचं नाही ते. कुणासाठी थांबायचं नाही म्हणून सातलाच जेवते.

अकरा महिन्यांचा करार पुन्हा संपत आलाय. घरमालकांचा फोन आला होता, मुलाला कधी पाठवताय. तिनं सांगितलं, आधार कार्ड माझं, पासबुक माझं, सही माझी, मी येते. मी विचारलं, बरोबर येऊ का? नको म्हणाली. शनिवारी जाणार आहे.