‘नुसता हँडल फिरवणारा’? डॅनिश छायालेखकांची बाजू

मूकपटांचा विषय निघाला की एक मत हमखास ऐकू येतं, आणि फॉरवर्डही होत राहतं. सुरुवातीच्या काळातला कॅमेरामन म्हणजे नुसता हँडल फिरवणारा. कॅमेरा एका जागी खिळलेला, समोर नाटक चाललेलं. आणि प्रकाश-छायेचा खेळ पडद्यावर आणला तो 1920 नंतर जर्मनांनी. यातलं एकही विधान डेन्मार्कचा छायालेखक आक्सेल ग्रॉटकेअरच्या कारकिर्दीपुढे जसंच्या तसं टिकत नाही.

आधी हँडलचं बघू. तेव्हाचा कॅमेरा हाताने हँडल फिरवून चालायचा. एका फेऱ्यात आठ फ्रेम, सेकंदाला साधारण दोन फेरे. हा ठेका हाताने सांभाळायचा, आणि समोर काहीही घडो, हात डगमगू द्यायचा नाही. तेव्हाच्या फिल्मला लाल रंग दिसतच नसे. लाल पडदा काळाठिक्कर यायचा, निळं आकाश पांढरंफटक. म्हणजे रंगीत जग करड्या छटांत कसं उतरेल याचा अंदाज छायालेखकाला आधीच बांधावा लागे. ग्रॉटकेअर (मूळ आडनाव सोरेन्सन) ओले ओल्सनच्या नॉर्डिस्क या डॅनिश चित्रपट कंपनीत अगदी सुरुवातीपासून होता. 1907 साली त्याने कंपनीसाठी सिंहाच्या शिकारीचा चित्रपट चित्रित केला. हाम्बुर्गहून विकत आणलेले दोन खरे सिंह रोस्किल्ड फ्योर्ड या खाडीतल्या एका बेटावर मारण्यात आले. डेन्मार्कच्या न्यायमंत्र्याने त्या चित्रपटावर बंदी घातली, ती योग्यच होती. त्या मुक्या जनावरांचं जे झालं त्याचं समर्थन मी करणार नाही. पण उघड्यावर, दुसऱ्या टेकची सोय नसताना ते दृश्य फिल्मवर उतरवणाऱ्याला हँडल फिरवणारा मजूर म्हणता येत नाही. त्या चित्रपटाच्या 259 प्रती विकल्या गेल्या.

कॅमेरा हलत नव्हता, हे बहुतांशी खरं. पण त्यावरून ते नाटक ठरत नाही. दिग्दर्शक आउगुस्ट ब्लोमच्या 1911 सालच्या ‘तुरुंगाच्या दाराशी’मध्ये (छायालेखन ग्रॉटकेअरचं) सेटवरच्या मोठ्या आरशात चौकटीबाहेरचा माणूस दिसतो. नाट्यगृहात हे जमणार नाही, कारण प्रत्येक खुर्चीवरून आरशात वेगळंच काहीतरी दिसतं. इथे तो आरसा एकाच डोळ्यासाठी, भिंगासाठी, लावलेला आहे. त्यात कॅमेरा दिसता कामा नये, चौकटीबाहेरच्या नटावरही पुरेसा उजेड हवा. आल्फ्रेड लिंड या दुसऱ्या डॅनिश छायालेखकाने तर 1910 साली ‘दरी’ या चित्रपटात नटी आस्ता निल्सनचं ते गाजलेलं नृत्य रंगमंचाच्या बाजूने टिपलं. तिकीट काढून समोर बसलेल्या प्रेक्षकाला ही बाजू कधीच दिसत नाही.

राहिला प्रकाशाचा मुद्दा, आणि सर्वांत मोठा अन्याय इथेच होतो. डॅनिश दिग्दर्शक बेंजामिन क्रिस्टेन्सनचा ‘गूढ एक्स’ मार्च 1914 मध्ये प्रदर्शित झाला, छायालेखक एमिल डिनेसन. पवनचक्कीखालचं अंधारं तळघर, उजेडाच्या दारात नुसती काळी आकृती. ज्या ‘कॅलिगारी’ या जर्मन चित्रपटाचा दाखला ऊठसूट दिला जातो, तो आला 1920 साली, आणि त्यातल्या कितीतरी सावल्या सेटवर चक्क रंगवलेल्या आहेत! क्रिस्टेन्सनच्या पुढच्या दोन्ही चित्रपटांचं छायालेखन योहान आंकरस्त्येर्नेने केलं: 1916 चा ‘सूडाची रात्र’ आणि 1922 चा चेटकिणींवरचा ‘हेक्सन’. दुसऱ्याला पैसा स्वीडनचा होता, पण कॅमेऱ्यामागे डॅनिश माणूस.

‘जर्मनांनी आणलं’ म्हणताना जर्मनीत कॅमेऱ्यामागे कोण होतं, हेही बघायला हवं. ग्रॉटकेअर पहिल्या महायुद्धाआधीच बर्लिनला गेला आणि दिग्दर्शक उर्बान गाड व आस्ता निल्सन यांच्या चित्रपटांवर काम करू लागला. त्यांतल्या काहींच्या श्रेयनामावलीत त्याच्या जोडीला कार्ल फ्रॉइंड हे नाव आहे. हाच फ्रॉइंड पुढे ‘मेट्रोपोलिस’चा छायालेखक म्हणून जगभर गाजला. सगळं डेन्मार्कनेच शिकवलं असा माझा दावा नाही, गिडो झेबरसारखा कसलेला छायालेखक जर्मनीत आधीपासून होताच. पण 1921 चा ‘हॅम्लेट’ आणि 1923 चा ‘एर्डगाइस्ट’ यांवर ग्रॉटकेअरचं नाव आहे. आणि जर्मन दिग्दर्शक मुर्नाउच्या 1922 च्या ‘फँटम’मध्ये घरांच्या सावल्या नायकाच्या मागे लागतात, ते जर्मन प्रकाश-छायेचं म्हणून दाखवलं जाणारं दृश्य ज्या दोघांनी चित्रित केलं त्यांतला एक हाच नॉर्डिस्कचा कॅमेरामन होता.