हप्ता परवडतो ना, मग झाले!

तालुक्याच्या गावी ले-आउटमध्ये प्लॉट घेऊन झाला असेल, ओट्याचा दगड घरात सर्वानुमते पसंत झाला असेल आणि मेव्हण्याने ओळखीच्या बँकवाल्याचा नंबर दिला असेल, तर गृहकर्ज घेण्यास आपण सर्वस्वी पात्र आहात. या पात्रतेला गुणाकार येण्याची अट नाही. मी स्वतः यवतमाळ जिल्ह्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत एकोणीस वर्षांपासून गणित शिकवतो, सरळव्याज आणि चक्रवाढव्याज फळ्यावर सोडवून दाखवतो, आणि तरीही मला कर्ज मिळाले. तेव्हा आपणही निश्चिंत असावे. पाच वर्षांच्या अनुभवातून काही सूचना आपल्या सेवेसी सादर करीत आहे.

बँकेत गेल्यावर साहेब एकच प्रश्न विचारतात, "महिन्याला किती हप्ता झेपेल?" त्याचे उत्तर द्यावे आणि उलट काहीही विचारू नये. एरवी आपण असे वागत नाही, हे मला ठाऊक आहे. बैलजोडी घेताना ती महिन्याला कितीची पडेल असे आपण विचारत नाही, पूर्ण किंमत विचारतो, आणि तीही ऐकून दोनदा उठून चालू लागतो. व्यापाऱ्याने क्विंटलमागे किलोभर कडता जास्त कापला तर बाजार समितीच्या आवारात आवाज चढवतो. परंतु बँकेत वातानुकूलन असते, साहेब चहा मागवतात आणि खुर्ची गादीची असते, त्यामुळे तेथे किंमत विचारणे बरे दिसत नाही.

किंमत विचारलीच, तर काय कळेल ते सांगतो, म्हणजे आपण विचारणार नाही. वीस लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज आणि वीस वर्षांची मुदत धरली तर हप्ता १७,३५६ रुपये येतो. त्याला २४० ने गुणले की होतात सुमारे ४१ लाख ६५ हजार. म्हणजे व्याजच २१ लाख ६५ हजार, मुद्दलापेक्षा अधिक. आपल्या आजोबा-पणजोबांच्या काळी व्याज मुद्दलाच्या वर जाऊ नये असा दामदुपटीचा दंडक होता, आणि २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यानेही परवानाधारक सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज घेण्याची मनाई केली आहे. बँकेला तो कायदा लागू नाही. सावकाराच्या नावाने आपण पिढ्यान्‌पिढ्या बोटे मोडली. बँकेतून मात्र पेढे वाटत बाहेर पडलो.

मुदत नेहमी जास्तीत जास्त मागावी. वरच्याच कर्जाची मुदत तीस वर्षे केली तर हप्ता १५,३७८ रुपयांवर येतो, म्हणजे महिन्याला जवळजवळ दोन हजारांची बचत होते, आणि तिच्या बदल्यात एकूण फेड ४१ लाख ६५ हजारांवरून ५५ लाख ३६ हजारांवर जाते. उलट मुदत पंधरा वर्षांची घेतली तर हप्ता १९,६९५ होतो आणि एकूण फेड साडेपस्तीस लाखांच्या आत राहते. परंतु हे गणित मांडत बसणाऱ्या माणसाला आपल्याकडे कंजूष म्हणतात.

हप्त्याच्या आत काय असते, तेही उकलून पाहू नये. वरच्या १७,३५६ रुपयांपैकी पहिल्या महिन्यात १४,१६७ रुपये व्याजाचे असतात आणि मुद्दलाच्या वाट्याला ३,१८९ रुपये येतात. निम्मे मुद्दल फिटायलाच चौदा वर्षांच्या आसपास लागतात. पहिली काही वर्षे आपण घर फेडत नसतो, घराचे भाडेच बँकेला देत असतो. फरक इतकाच की गळणारा स्लॅब घरमालकाने दुरुस्त करायचा की आपण, हा वाद उरत नाही.

करसवलतीसाठी कर्ज अवश्य घ्यावे: शंभर रुपये व्याज भरून वीस रुपये कर वाचवावा, आणि नवी करप्रणाली निवडली असल्यास राहत्या घराच्या व्याजावर तेही वाचवू नयेत.

बँकेने पुढे केलेला विमा मुकाट्याने घ्यावा. कर्जदाराच्या पश्चात घर कुटुंबाकडे राहावे, ही कल्पना चांगली आहे आणि तिला माझा आक्षेप नाही. परंतु तो विमा त्याच टेबलावरून घेण्याची सक्ती नसते, हे साहेब सांगत नाहीत. साठ हजारांचा एकरकमी हप्ता ते कर्जातच मिळवून टाकतात, म्हणजे आपल्या खिशातून आज काहीच जात नाही. वीस वर्षांत साडेआठ टक्क्यांनी त्याच साठ हजारांचे सव्वा लाख जातात.

जमिनीचे कागद अर्धवट ठेवावेत. गावठाणातले घर, हातात फक्त ग्रामपंचायतीचा नमुना आठ, प्लॉट अकृषक झालेला नाही, फेरफारावर अजून आजोबांचे नाव, अशी परिस्थिती असली की बँक दारात उभी करत नाही आणि मग घरबसल्या कर्ज देणारी कंपनी धावून येते. तिचा दर चौदा टक्के असू शकतो. दहा लाखांवर पंधरा वर्षांत साडेआठ टक्क्यांनी १७ लाख ७२ हजार भरावे लागतात, चौदा टक्क्यांनी २३ लाख ९७ हजार. तलाठ्याकडे आणि भूमिअभिलेखात चार चकरा मारण्याचा कंटाळा सव्वासहा लाखांना पडतो, पण चकरा वाचतात.

आता मुख्य सूचना. व्याजदर बदलता असेल तर तो कधी बदलला, किती बदलला आणि त्याने आपले काय झाले, याची चौकशी करू नये. मी केली नाही. डिसेंबर २०२० मध्ये मी वीस लाख रुपये सात टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता १५,५०६ रुपये. तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तो, चार टक्के होता आणि साहेब म्हणाले होते की इतका स्वस्त पैसा पुन्हा मिळणार नाही. ते खरेच बोलले, कारण मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंत, एका खरिपाची पेरणी ते रब्बीची काढणी एवढ्या काळात, रेपो दर साडेसहावर गेला आणि माझे सात टक्के साडेनऊ झाले. मोबाइलवर इंग्रजीत संदेश आले असतील. वीजबिलाच्या आणि लॉटरीच्या संदेशांबरोबर मी तेही पुसले. हप्ता १५,५०६ च राहिला, म्हणून मी निर्धास्त होतो. हप्ता वाढला नाही म्हणजे काहीच वाढले नाही, असे मी समजलो, आणि मी गणिताचा शिक्षक आहे! वाढली होती ती मुदत. साडेनऊ टक्क्यांच्या त्या दोन वर्षांत हप्त्यातले पंधरा हजारांहून अधिक रुपये व्याजात जात होते आणि सुरुवातीला मुद्दलात पडत होते महिन्याला चारशेपेक्षाही कमी. चारशे रुपयांत युरियाची दोन पोतीसुद्धा येत नाहीत. मी दर महिन्याच्या पाच तारखेला पंधरा हजार भरून वीस लाखांच्या डोंगराला चारशे रुपयांचा टवका काढत होतो आणि घरी सांगत होतो की हप्ते सुरळीत चालले आहेत. २०२५ मध्ये रेपो दर उतरू लागला तेव्हा माझा दर साडेआठपर्यंत आला. डिसेंबरची कपात माझ्या खात्यात अजून पोहोचायची आहे. चढताना दराला पंख असतात, उतरताना तो एस.टी.ने येतो, तोही मुक्कामी गाडीने.

हे सर्व मला कळले गेल्या महिन्यात. यंदा घरचा कापूस आणि थोडी जुनी ठेव मिळून बाबांनी माझ्या हातात दोन लाख रुपये ठेवले आणि म्हणाले, कर्जात टाक. मी किरकोळ रजा काढून शाखेत गेलो आणि प्रथमच खात्याचा उतारा मागितला. साठ हप्ते, ९ लाख ३० हजार ३६० रुपये भरलेले. शिल्लक मुद्दल १८ लाख ८५ हजार. उरलेले हप्ते २८०. दोनशे चाळीस हप्त्यांचे कर्ज, त्यातले साठ भरले आणि उरले दोनशे ऐंशी! माझ्या वर्गातल्या मुलाने असे उत्तर काढले असते तर मी त्याला बाकावर उभे केले असते. मी अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त होईन तेव्हा दहा वर्षांचे हप्ते बाकी असतील, आणि १ नोव्हेंबर २००५ नंतर नोकरीला लागलेल्या माणसाला सहसा जुनी पेन्शनही मिळत नाही. संध्याकाळी बाबांनी चष्मा लावून उतारा दोनदा वाचला. "वीस घेतले, नऊ भरले, तं अकरा उरले पाह्यजे ना रे? हे एकोणीस कुठून आले?" बाबा चौथी शिकले आहेत. त्यांना उत्तर द्यायला मला बराच वेळ लागला.

त्या दिवशी दोन लाख भरताना खिडकीवरच्या मुलाने विचारले होते, "सर, हप्ता कमी करायचा की मुदत?" मी म्हणालो, मुदत. तो म्हणाला, "होऊन जाईल." मुदत कमी केली तर २८० चे सुमारे २०८ हप्ते होतात, म्हणजे दोन लाख भरून अकरा लाखांचे हप्ते वाचतात. मुदत तशीच ठेवून हप्ता कमी केला तर महिन्याला साधारण १,६४५ रुपये सुटतात, म्हणजे सगळे मिळून साडेचार लाखांच्या आसपास. सहा लाखांहून अधिक फरक एका टिचकीचा. चौथ्या दिवशी मोबाइलवर संदेश आला: अभिनंदन, आपला हप्ता कमी झाला आहे. मी शाखेत फोन केला तर उत्तर मिळाले की प्रणाली आपोआप तसेच करते, लेखी अर्ज द्यावा लागतो, आणि अर्ज घेणारे साहेब रजेवर आहेत. त्याच शाखेच्या दारावर नव्या ग्राहकांसाठी फलक लागला आहे: गृहकर्ज साडेसात टक्क्यांपासून. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवलेल्या माणसाला साडेआठ, आणि काल आलेल्याला साडेसात. हा एक टक्का मागून घेतला असता तर माझे आणखी सव्वीस हप्ते, म्हणजे चार लाख रुपये, वाचले असते. थोडे शुल्क घेऊन दर बदलून मिळतो, हे त्या फलकावर लिहिलेले नाही आणि मला पाच वर्षांत कोणी सांगितलेही नाही.

आता सूचना पुरे झाल्या. बँकेला मी काय बोलायचे ते सोमवारी बोलेन. तुम्हाला आज बोलतो. तुमच्यापैकी किती जणांनी आपल्या कर्जाचा उतारा गेल्या वर्षभरात पाहिला आहे? पाच टक्के? लग्नाच्या आहेराची वही तुम्ही तीस वर्षे जपता, कोणी एकशे एक दिले आणि कोणी एक्कावन्न हे तोंडपाठ सांगता, आणि आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या देण्याचे किती हप्ते उरले ते तुम्हाला सांगता येत नाही. नियम नाहीत म्हणून हे होत नाही. व्याजदर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कर्जदाराला कळवायचे, हप्ता वाढवायचा की मुदत याची निवड त्याला द्यायची आणि दर तिमाहीला मुद्दल किती गेले, व्याज किती गेले, हप्ते किती उरले याचे विवरण उपलब्ध करायचे, हे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्येच बँकांना बजावले आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत सर्व खर्च धरून पडणारा वार्षिक दर दाखवणारे माहितीपत्रक देणेही बंधनकारक आहे, सही करताना त्या गठ्ठ्यात तो कागद असतो, तुम्ही पान उलटून "इथे का साहेब?" म्हणत खाली सही करता. बदलत्या दराच्या गृहकर्जात मुदतीआधी पैसे भरल्यास व्यक्तीला दंड लागत नाही, तरीही निम्मे गाव अजून समजते की लागतो, आणि बोनसच्या पैशात मोटारसायकल घेते. मी माझ्या नावानेही बोटे मोडतो आहे. मला हे सर्व शिकवता येत होते आणि मी पाच वर्षे ते स्वतःच्या कर्जाला लावून पाहिले नाही. आळस, दुसरे काही नाही.

जा आणि उतारा मागा. इंग्रजीत असला तर शाळेतल्या कोणत्याही शिक्षकाकडे घेऊन या, तीन आकडे पाहायचे असतात: शिल्लक मुद्दल, चालू दर, उरलेले हप्ते. नव्या ग्राहकाचा दर काय आहे ते विचारा आणि तो स्वतःसाठी मागा. जास्तीचे पैसे भरणार असाल तर मुदत कमी करण्याचा अर्ज लिहूनच न्या, दोन प्रतींत, आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख पडल्याशिवाय खिडकीसमोरून हलू नका. मी हललो होतो.