हार्टब्लीडमध्ये टीएलएस फुटला नव्हता

'२०१४ मध्ये हार्टब्लीडने टीएलएस प्रोटोकॉलच फोडला. सर्व्हर अपडेट केला की झाले' असा मजकूर फिरतो आहे. त्यातली दोन्ही विधाने चुकीची आहेत. हार्टब्लीड हा त्या वर्षी उघड झालेला सुरक्षा-दोष, तर टीएलएस म्हणजे ब्राउझर आणि सर्व्हर यांच्यातला संवाद गुप्त ठेवण्याचे ठरलेले नियम, म्हणजेच प्रोटोकॉल.

दोष प्रोटोकॉलमध्ये नव्हता, तो प्रोटोकॉल राबवणाऱ्या ओपनएसएसएल या लायब्ररीच्या (तयार कोडच्या संचाच्या) कोडमध्ये होता: आवृत्ती १.०.१ ते १.०.१एफ. टीएलएसमधला हार्टबीट म्हणजे जोडणी जिवंत आहे का, हे पाहणारा छोटा संदेश. समोरचा थोडा मजकूर आणि त्याची लांबी पाठवतो, सर्व्हर तोच मजकूर परत करतो. ओपनएसएसएल ती लांबी पडताळतच नव्हते. एक अक्षर पाठवून लांबी ६४ हजार सांगितली, की बाकीचा भाग सर्व्हरच्या मेमरीतून भरून यायचा. त्यात पासवर्ड असू शकत, सर्व्हरची खासगी किल्लीसुद्धा, म्हणजे ज्यावर त्याची ओळख आणि गुप्तता अवलंबून असते तो गुप्त आकडा. अशी खोटी लांबी आली तर संदेश टाकून द्यावा, असे प्रोटोकॉलच्या नियमांत स्पष्ट लिहिले आहे!

अपडेटबद्दलचा सल्ला मला जास्त घातक वाटतो. १.०.१जी आवृत्तीने गळती थांबली, पण आधीच गळालेली किल्ली चोराकडेच राहते. म्हणून अपडेटनंतर नवी किल्ली आणि नवे प्रमाणपत्र (सर्व्हरच्या ओळखीचा डिजिटल दाखला) घ्यावे, जुने रद्द करावे. पासवर्ड त्यानंतरच बदलावेत. आधी बदललेला पासवर्डही त्याच भोकातून बाहेर जाऊ शकतो.